एकतीस खड्ड्यांची कारकीर्द

मैदानाच्या हिरवळीवर आजवर एकूण एकतीस खड्डे पडले. सगळे एकाच व्यक्तीने पाडले. ही व्यक्ती सलग सात वर्षं हातोडाफेकीची राष्ट्रीय विजेती असल्यामुळे तिचा परिचय छापणं क्रीडा मंडळाला भाग पडलं. मंडळाच्या कपाटात तिच्याविषयी एकच कागद मिळाला, तो म्हणजे माळीकाकांची खड्डा-नोंदवही. परिचय त्या वहीवरूनच उतरवला आहे.

खड्डा क्र. १
वर्तुळापासून अंतर ४८ मीटर १० सेंटिमीटर. खोली चार बोटं.

मुलगी तेव्हा सतरा वर्षांची. वर्तुळात स्वतःभोवती तीन-चार गिरक्या घ्यायच्या आणि तारेच्या टोकाला असलेला चार किलोचा लोखंडी गोळा सोडून द्यायचा, असा हा खेळ. गिरक्यांमुळे गल्लीत तिला भिंगरी म्हणत. गोळा पडला तेव्हा मंडळाचे सचिव चहाचा कप घेऊन बाहेर आले. त्यांनी आधी खड्डा पाहिला, मग मुलगी.

"हे कोणी केलं?"

"मी, सर! अठ्ठेचाळीस मीटर!"

"मी खोली विचारतोय."

त्याच दिवशी नोंदवही सुरू झाली. खड्डा बुजवायला जाणाऱ्याला तो सापडावा म्हणून वर्तुळापासूनचं अंतर अचूक लिहावं, असा हुकूम निघाला. माळीकाकांना नवी फीत मिळाली. खेळाडूंसाठी फीत गेली नऊ वर्षं मागणीपत्रात होती, तिथेच राहिली.

खड्डा क्र. ३०
अंतर ६३ मीटर ५५. खोली एक वीत. पाणी साचले.

या खड्ड्यात सकाळी फिरायला येणाऱ्या एका गृहस्थांचा बूट भिजला. दुपारी मंडळाची तातडीची बैठक झाली आणि ठराव मंजूर झाला : हातोडा फेकण्यास हरकत नाही, मात्र तो पडता कामा नये.

"सर, फेकला की पडणारच ना?" भिंगरीने विचारलं.

"तो तंत्राचा भाग झाला," सचिव म्हणाले. "तंत्रात मंडळ ढवळाढवळ करत नाही."

तीस आणि एकतीस यांच्या मध्ये
नोंद नाही.

वर्तुळाला चारही बाजूंनी जाळी लागली. भिंगरी गिरक्या घ्यायची, गोळा सोडायची, तो तीन मीटरवर जाळीला आदळून ओल्या टॉवेलसारखा लोंबायचा. राष्ट्रीय स्पर्धाही इथेच व्हायच्या, कारण देशात एवढी देखणी हिरवळ दुसरीकडे नव्हती. अंतर मोजता येत नसल्याने गुण देण्याची पद्धत आली : गिरकीचा डौल, पोशाखाचा नीटनेटकेपणा, हिरवळीविषयी आदर. पहिल्याच फेकीला गोळा सोडताना ओरडल्याबद्दल भिंगरीचे गुण कापले गेले. फिरायला येणारे दचकले होते. पुढच्या फेकीपासून ती तोंड मिटून फेकू लागली आणि सलग सात वर्षं जिंकली. उपविजेती तर गोळा हातातून सोडतच नसे. तिला सुरक्षिततेचं खास पारितोषिक मिळालं.

आई ढाली पुसत म्हणायची, "सात ढाली गं, पण एकीवरही आकडा नाही. पाहुणे विचारतात, पोरगी किती लांब फेकते? काय सांगू?"

"तीन मीटर सांग."

"आणि मग?"

"मग जाळी."

आठव्या वर्षी जागतिक स्पर्धेचं पत्र आलं. पात्रतेसाठी सत्तर मीटर, पुरावा महिनाअखेरपर्यंत. सचिवांनी सातही ढालींचे फोटो पाठवले, सोबत हिरवळीचा एक मोठा फोटो. उलट टपाली एका शब्दाचं उत्तर आलं : अंतर?

"भलतीच रुक्ष माणसं," सचिव म्हणाले.

खड्डा क्र. ३१
अंतर ७१ मीटर ४०. खोली दीड वीत.

सकाळचे साडेसहा. महिना संपायला तीन दिवस.

"काका, जाळी उघडा."

"डोकं फिरलंय का पोरी? नोकरी जाईल माझी."

"आणि ही स्पर्धा गेली तर माझं काय राहील? सात वर्षं मी जाळीला बडवतेय, काका."

काकांनी इकडेतिकडे पाहिलं. खिशातून किल्ली काढली. "आधीच सांगतो, खड्डा पडला तर मी लिहिणार. नियम तो नियम."

"लिहाच," भिंगरी म्हणाली. "अगदी सेंटिमीटरपर्यंत."

त्या दिवशी ती ओरडली. सात वर्षांचं साठलेलं होतं, त्यामुळे जरा जास्तच.

दुपारपर्यंत चारशे बारा नागरिकांच्या सह्यांची तक्रार मंडळात पोहोचली. तारीख, वेळ, जागा, हातोड्याचं वर्णन आणि ‘आम्ही हे प्रत्यक्ष डोळ्यांनी पाहिले’ हे वाक्य, अधोरेखित. एवढे साक्षीदार कोणत्याही खेळाडूला कुठे मिळाले नसतील. भिंगरी नोंदवही आणि तक्रार घेऊन सचिवांपुढे उभी राहिली.

"हा पुरावा, सर. एकाहत्तर चाळीस."

"हा खड्ड्याचा पुरावा आहे."

"खड्डा हातोड्याने पडला."

"म्हणजे तुम्हाला कबूल आहे?"

"कबूल काय, सर, तेच तर सांगायला आलेय!"

सचिवांनी कबुली लिहून घेतली. मंडळाने दोन्ही बाजूंचा विचार केला. जाळी उघडी असताना केलेली फेक नियमबाह्य, म्हणून ती झालेलीच नाही. खड्डा मात्र झालेला आहे. न झालेल्या फेकीने झालेला खड्डा पाडल्याबद्दल भिंगरीला हिरवळीवर आजन्म बंदी. काकांची बदली पंपघरावर. सात विजेतेपदांबद्दलचा सत्कार ठरल्याप्रमाणेच होईल, सत्कारमूर्तीने कुंपणाबाहेर उभं राहावं.

सचिव अगदीच निर्दय नव्हते. "तक्रारदारांपैकी एकाने जरी लिहून दिलं, की हातोडा हवेतून जाताना पाहिला, तर फेरविचार करू," ते म्हणाले. "एकच सही पुरे. उद्या संध्याकाळी पाचपर्यंत."

दुसऱ्या दिवशी उजाडताच मायलेकी फाटकाशी कागद धरून उभ्या राहिल्या.

"आम्ही खड्डा पाहिला हो," एक गृहस्थ चालता चालता म्हणाले. "हातोड्याकडे कोण बघतंय?"

"मग दादा, दचकलात कशाला?" आईने विचारलं.

"मावशी, माझी पावलं मोजायची राहतील."

जोडपत्र

एकतिसावा खड्डा बुजवला आहे. तिथे आणून बसवलेलं गवत इतर ठिकाणांपेक्षा दाट आहे. आज सकाळी तिथून जाताना तुमची टाच किंचित रुतली आणि ‘इथे कोणी लक्षच देत नाही’ असं तुम्ही सोबत्याला म्हणालात. तक्रारीच्या तिसऱ्या पानावर, वरून दुसरी सही तुमची आहे. अक्षर छान आहे.

तक्रारीच्या वेळी सह्यांना जागा पुरेना, म्हणून चार पुरवण्या जोडाव्या लागल्या होत्या. साक्षीसाठी खाली एक रेघ सोडली आहे.

हातोडा हवेतून जाताना मी पाहिला. सही : ______________

पाच वाजायला वीस मिनिटं आहेत. फाटक तुमच्या घरापासून पाच मिनिटांवर आहे, आणि तुम्ही बूट घालताच आहात. संध्याकाळच्या फेरीसाठी.