पडद्याकडे पाठ

आमचे शेजारी शिरसाटकाका सिनेमाला जात, पण सिनेमा बघत नसत. पहिल्या रांगेतल्या खुर्चीवर गुडघे टेकून ते उलटे बसत आणि अंधारात प्रेक्षकांचे चेहरे बघत वहीत खरडत. दिल्लीत करोल बागेतल्या एका थिएटरात मागून कुणीतरी ओरडलं, "अंकलजी, पिक्चर उधर है!" काका शांतपणे म्हणाले, "बेटा, पिक्चर तो तुम हो." आम्हा दोघांनाही बाहेर काढलं. मी तर सरळ बसलो होतो!

ते संध्याकाळच्या कॉलेजात इतिहास शिकवत आणि उरलेल्या वेळात साम्राज्यवाद आणि परदेशी सिनेमा यांवर लेख लिहीत. "गोरे तोफा घेऊन गेले रे, प्रोजेक्टर ठेवून गेले," हे लाडकं वाक्य. लक्ष्मीबाई नगरातल्या आमच्या सरकारी क्वार्टर्समध्ये कुणी सत्यनारायणाला बोलावलं, तरी प्रसाद हातात पडेपर्यंत हे वाक्य दोनदा ऐकावं लागे. लेख छापणारी मासिकं एकेक करून बंद पडली. वाचक उरला एकच, काकू. मंत्रालयातल्या नोकरीवरून आल्या की त्या लेख वाचत, ऱ्हस्व-दीर्घ सुधारत आणि रविवारी इंग्रजी पिक्चरला जात. "तुमचं बिल्कुल बरोबर आहे हो, पण हिरो छान होता."

मग डायबिटीसने काकूंची नजर गेली. नोकरी सुटली, नोकरीबरोबर क्वार्टरही सुटलं. दोघं नोएडाला आठव्या मजल्यावर राहायला गेली. आता वाचणारंच कुणी नाही म्हटल्यावर काकांनी लिहिणं थांबवलं. मला वाईट वाटलं, आणि खरं सांगायचं तर थोडं हायसंही वाटलं.

त्यांच्या घरासमोर मॉल झाला, मॉलमध्ये थिएटर. काकूंनी हट्ट धरला, "मला पिक्चर ऐकायचाय." असल्या थिएटरात पाय ठेवणार नाही, असं काकांनी कधीकाळी छापून आणलेलं. महिनाभर अबोला झाला. शेवटी एका दुपारी मला फोन आला, "ये जरा. हिला दुसऱ्या बाजूने धरायला कुणीतरी हवं."

त्या दिवशी काका सरळ बसले. काकूंच्या कानाशी तोंड नेऊन सांगत राहिले, "ती धावतेय. अंगात निळा कोट. डोंगर दिसतोय, खूप बर्फ आहे." साम्राज्यवादाचं अवाक्षर नाही. मी वाट बघून थकलो.

शेवटी ती नायिका एकटी, बर्फात गोठून मेली. काका गप्प झाले. काकूंनी विचारलं, "अहो, काय झालं?"

"सापडली गं," काका म्हणाले. "घरी नेतायत तिला." आवाज अजिबात हलला नाही. मी मात्र त्यांच्याकडे बघू शकलो नाही.

बाहेर आल्यावर काका माझ्यासाठी रिक्षा बघायला पुढे गेले. काकूंनी माझा दंड घट्ट धरला.

"मेली ना रे ती? मागची बाई केवढी रडत होती."

मी त्यांना पायरीवरून जपून खाली उतरवलं.

"यांना सांगू नकोस हं मला कळलं ते," काकू म्हणाल्या. "मग पुढच्या वेळी खरं सांगायला लागतील."