आत्ता म्हणजे कधी?

शनिवारी सकाळी एवोदियाच्या दुकानाचं शटर खाली दिसलं आणि निकांद्रो जागीच थबकला. मागे सात परदेशी पाहुणे उभे होते. मेक्सिकोत, पुएब्लाच्या बाजारात येऊन सेमिता न खाणं म्हणजे लग्नाला जाऊन उपाशी परतणं, असं तो त्यांना कालपासून सांगत होता. तीळ लावलेला गोल पाव, त्यात तळलेला मांसाचा काप, चीज, अवोकाडो, धुरावलेली मिरची आणि वर उग्र वासाचा पापालोचा पाला. पाहुण्यांच्या तोंडाला पाणी सुटलं होतं, आणि एवोदिया मुलीच्या पंधराव्या वाढदिवसाचा हॉल सजवायला गेली होती.

सेमिताचं दुसरं दुकान बाजारात होतं. कुणाचं होतं, हे निकांद्रोला चांगलंच ठाऊक होतं. ते चुकवण्यासाठी तो प्रत्येक गटाला मासळीच्या गल्लीतून वळसा घालून नेत असे. मागच्या महिन्यात एक जर्मन बाई त्या वासानं भोवळ येऊन पडली, तरी याचा रस्ता बदलला नाही.

ते दुकान ओतिलियाचं. निकांद्रो तरुणपणी तिथंच, तिच्या वडिलांच्या हाताखाली, काप तळत असे. ओतिलिया पाव कापायची. दोघांचं लग्न ठरलं होतं, चर्चमध्ये तारीख सांगून झाली होती. एके दिवशी ऐन जेवणाच्या गर्दीत त्यानं अॅप्रन काढून खुंटीला लावला, "आत्ता येतो" म्हणाला आणि गेला. पुढची खबर आली ती न्यूयॉर्कहून. चुलतभावाच्या गाडीत एक जागा रिकामी होती म्हणे.

आता आमच्या गावात 'आत्ता' या शब्दाला घड्याळ नाही, हे मान्य. पाव आणायला गेलेला माणूस आत्ता येतो म्हणून गेला तर संध्याकाळी आला तरी कुणी काही म्हणत नाही. पण वीस वर्षं जरा जास्तच झाली. परवापरवा तो परतला तो इंग्रजी, एक गवती टोपी आणि बाजारातलं खाणं दाखवायचा धंदा घेऊन. ओतिलियाच्या दुकानाकडे मात्र फिरकला नाही. तिनं लग्न केलं नव्हतं. का, असं कुणी विचारलं की ती म्हणायची, "वेळच कुठं मिळाला?" पण समोरच्या कास्तुलाला, जी मोले नावाच्या मसालेदार रश्श्याचं वाटण विकते, तिनं एकदा सांगितलं होतं, "मला त्याच्याशी भांडायचं नाही गं. एकच विचारायचंय. आत्ता म्हणजे कधी?"

तर त्या शनिवारी, पाहुण्यांच्या रेट्यापुढे इलाज न चालून, निकांद्रो ओतिलियाच्या दुकानासमोर येऊन उभा राहिला.

"या राणी, या राजे, बसा," ओतिलिया पाहुण्यांना म्हणाली. मग तिची नजर टोपीवर गेली. हातातली सुरी थांबली. "तुम्हीपण बसा," ती म्हणाली. हा 'तुम्ही' निकांद्रोला मिरचीसारखा झोंबला.

"सात सेमिता," तो म्हणाला. "पापालो वेगळा दे. द्या. वेगळा द्या."

"मला शिकवताय?"

समोर कास्तुलाचा डाव परातीत तसाच उभा राहिला. भाजीवाला भाजीवर पाणी मारायचं विसरला. निकांद्रोच्या टोपीखालून घामाची धार लागली. त्यानं फोन तिथंच फळीवर ठेवला, दोन पावलं मागे सरकला आणि त्याच्या तोंडून निघून गेलं, "जरा संडासला जाऊन येतो. यांना बघ. आत्ता येतो."

बोलल्यावर त्याच्या लक्षात आलं. पण तोवर पाय निघाले होते.

बाजाराच्या संडासाच्या दाराशी पैसे घ्यायला म्हातारा चोन बसतो. टेबलावर कागदाचे रोल, शेजारी रेडिओ. निकांद्रो आत शिरला आणि तोंडावर पाणी मारत आरशातल्या माणसाला शिव्या देऊ लागला. सांगण्यासारखं खूप होतं. दोन वर्षांत लग्नापुरते पैसे साठवून परत यायचं होतं. दोनाची चार झाली आणि मग कोणत्या तोंडानं यायचं, या विचारात बाकीची गेली. तिकडे हॉटेलाच्या तळघरात भांडी घासताना रोज दुपारी त्याला पापालोचा वास यायचा, आणि तिकडे पापालो नव्हता. हे सगळं आज सांगूनच टाकायचं, असं ठरवून तो दाराशी आला, तर लोखंडी जाळी बंद. बाहेरून कुलूप. टेबलावर पुठ्ठा टेकवून ठेवलेला: आत्ता येतो.

"चोन! ए चोन!"

पिशवी घेऊन चाललेली एक बाई थांबली. "चोन नाहीये."

"ते दिसतंय मला. गेलाय कुठं?"

"लॉटरीचं तिकीट काढायला. येईल आत्ता," ती समजुतीच्या सुरात म्हणाली आणि कांदे घ्यायला निघून गेली.

इकडे सात सेमिता संपल्या. पाहुण्यांनी बोटं चाटली, फोटो काढले आणि मग ते वाट बघू लागले. त्यांच्यात मार्जरी नावाची कॅनडाची एक निवृत्त शिक्षिका होती, तिला आमची भाषा येत होती.

"आमचा माणूस कुठं गेला?" तिनं विचारलं.

"आत्ता येतो म्हणालाय," ओतिलिया म्हणाली.

मार्जरीनं ते शब्दाला शब्द ठेवून इंग्रजीत सांगितलं. त्याबरोबर सातही जणांनी माना वळवून गल्लीच्या तोंडाकडे पाहिलं. कुणी येताना दिसला की चेहरे उजळायचे, तो दुसराच निघाला की पडायचे. पुन्हा माना लांब. एक जण तर स्टुलावर चढून बघू लागला.

ओतिलिया त्यांच्याकडे बघत राहिली. त्या लांबवलेल्या माना तिच्या ओळखीच्या होत्या. तिला एकदम हसू आलं आणि हसता हसता डोळे भरले.

"कास्तुला," ती म्हणाली, "अगं, मी इतकी वर्षं अशीच दिसत होते का गं?"

"याहून वाईट," कास्तुला म्हणाली. "हे निदान जेवलेत तरी."

ओतिलियानं गॅस बंद केला. केस नीट केले. निकांद्रोचा फोन ताटाखाली सरकवला. एका पुठ्ठ्यावर कोळशानं 'आत्ता येते' असं लिहून तो पुठ्ठा पावाच्या टोपलीला टेकवला आणि पाहुण्यांना म्हणाली, "उठा. तो यायचा तेव्हा येईल. बाजार मी दाखवते."

त्या दिवशी तिनं दाखवलेला बाजार आधी कुणी दाखवला नव्हता. मोले कशाकशाचं बनतं, असं पाहुण्यांनी विचारलं तर म्हणाली, "ते कास्तुलाला विचारा. मला एवढंच ठाऊक आहे, की याच खांबामागे त्यानं पहिल्यांदा माझा हात धरला. आदल्या क्षणी मिरच्या निवडल्या होत्या गधड्यानं. रात्रभर हाताची आग होत होती." मार्जरीनं भाषांतर केलं. सरबतवाल्याकडे ओतिलियानं सांगितलं, की इथं दोघांत एकच ग्लास घ्यायचो, आणि चिंचेचं की जास्वंदीचं यावर भांडायचो. रताळ्याच्या मिठाईपाशी पोचेपर्यंत स्टुलावर चढलेला गृहस्थ रुमाल शोधत होता. सगळ्यांना वाटलं, हे त्यांच्या सहलीतच आहे. एकीनं तर मार्जरीला हळूच विचारलं, की नवरदेव शेवटी येतो ना?

नवरदेव तेव्हा जाळीच्या आत उभा राहून येणाऱ्याजाणाऱ्याला विनवत होता. चोन आला तो मोजे विकत घेऊन, वर कॉफी पिऊन.

"अरे, आत होतास तू? मग आवाज नाही का द्यायचा?"

निकांद्रोनं त्याला काय उत्तर दिलं ते इथं लिहिण्यासारखं नाही. तो धावत ओतिलियाच्या दुकानाशी आला. गट नाही, ओतिलिया नाही. पुठ्ठा वाचून तो मटकन स्टुलावर बसला.

"कुठल्या बाजूला गेले?" त्यानं कास्तुलाला विचारलं.

"मला काय माहीत? बस. येईल आत्ता." एवढं गोड ती आयुष्यात कुणाशी बोलली नव्हती.

तो शोधायला उठणार, तेवढ्यात दुपारचं गिऱ्हाईक सुरू झालं. पहिला आला तो म्हातारा हमाल, ज्याला आता जेमतेम दिसतं. काउंटरवर हात टेकून त्यानं हवेत नाक वर केलं. "कोण, निकांद्रो का? एक सेमिता दे. पापालो भरपूर." जणू हा कालच इथून घरी गेला होता.

निकांद्रोनं टोपी काढली. खुंटीकडे पाहिलं, तर अॅप्रन तिथंच होता. इतकी वर्षं लटकलेलं कापड धुळीनं माखलेलं, तेलकट असायला हवं होतं. याला साबणाचा वास होता. इस्त्रीची घडी अजून मोडली नव्हती. दर आठवड्याला तो धुवून पुन्हा टांगला जात होता, हे आमच्या दुकानांच्या ओळीत सगळ्यांना माहीत होतं, त्यालाच तेवढं नव्हतं. त्यानं तो तोंडाशी धरला आणि बराच वेळ खाली घेतला नाही. हमालाला वाटलं हा नाक शिंकरतोय.

अॅप्रन बांधायला गेला तर बंद पुरेनात. न्यूयॉर्कनं पोट दिलं होतं. शेवटी त्यानं सुतळीचा तुकडा जोडून गाठ मारली आणि गॅस पेटवला.

गिऱ्हाईकं येत राहिली. प्रत्येकाचा प्रश्न एकच.

"ओतिलिया कुठंय?"

"आत्ता येते म्हणून गेलीय."

"आत्ता म्हणजे कधी?"

पहिल्यांदा त्यानं खांदे उडवले. दुसऱ्यांदा गल्लीकडे पाहिलं. तिसऱ्यांदा त्याच्या हातातला पाव तसाच राहिला आणि गिऱ्हाईकाला दोनदा हाक मारावी लागली. कास्तुला समोरून सगळं बघत होती. हसायचं ठरवून बसली होती, पण तिला हसू काही येईना.

उन्हं कलली तेव्हा ओतिलिया एकटीच आली. केसांत कुणीतरी दिलेलं फूल होतं.

"गट कुठंय?" निकांद्रोनं विचारलं.

"हॉटेलवर. सुखरूप. त्या मास्तरीणबाईंनी तुझ्यासाठी निरोप दिलाय, पण मी नाही सांगणार. कॅनडाच्या शाळांत असल्या शिव्या शिकवतात हे मला नव्हतं माहीत."

'तू' आला होता. निकांद्रोनं तो ऐकला.

"मी इथंच होतो," तो म्हणाला. "जेवणापासून."

"एवढंच? आणि लगेच तोंड उतरलं?"

"सगळे विचारत होते, आत्ता म्हणजे कधी."

ओतिलियाचा हात फुलाकडे गेला तो तिथंच राहिला. तिचा प्रश्न तिच्याआधीच विचारून झाला होता.

"मग? काय सांगितलंस?"

"काय सांगणार? मला कुठं माहीत होतं?"

"हं," ती म्हणाली. "मलाही नव्हतं."

दोघांनी मिळून भांडी घासली. त्याचा हात भराभर चालत होता. तेवढं त्याला चांगलं येत होतं. मग शटरं खाली यायची वेळ झाली. त्यानं अॅप्रन सोडला, टोपी डोक्यावर ठेवली आणि निघताना सवयीनं तोंड उघडलं, "आ—"

सबंध ओळ थांबली.

"जातो," निकांद्रो म्हणाला.

आमच्यात निघताना असं कुणी म्हणत नाही, कानाला बरं वाटत नाही. पण ओतिलियाचा चेहरा सैल झाला.

"जा," ती म्हणाली. "आणि?"

"आणि उद्या सकाळी शटर उघडायच्या आधी इथं उभा असेन."

ओतिलियानं त्याच्या हातातून अॅप्रन घेतला, सुतळीची गाठ बघितली आणि नाक मुरडलं.

"बंद आखूड पडतात तुला. वाढवायला हवेत."

"कधी वाढवशील?"

ओतिलिया शटर खाली ओढता ओढता म्हणाली, "आत्ता."