अलीकडच्या काठाचे शरदभाऊ

आमच्या कॉलनीतले शरदभाऊ बसत नसत. म्हणजे कुठेच बसत नसत. सहा वर्षं ते रोज संध्याकाळी आमच्याकडे चहाला आले आणि सहा वर्षं त्यांनी तो चहा खिडकीचा गज धरून उभ्यानं प्यायला. मधूनच डावा पाय उचलायचे, थोड्या वेळानं उजवा. घरात तीन खुर्च्या, एक दिवाण आणि आग्रहाला मी. "बसा हो," म्हटलं की उत्तर ठरलेलं असे: "नको ताई. बसलं की निघवत नाही."

गणपतीच्या कार्यक्रमात तीन तासांचं नाटक ते भिंतीला टेकून उभ्यानं पाहत. सायकलही पेडलवर उभे राहूनच चालवत. दातांच्या डॉक्टरांकडे त्यांनी उभ्यानंच तोंड उघडलं म्हणे. ही गोष्ट मी पाहिलेली नाही, पण खोटी वाटत नाही.

हे सगळं मी भूतकाळात लिहिते आहे. शरदभाऊ चांगले ठणठणीत आहेत, पण ते आता बसतात. आणि त्यांना बसवलं मी.

उभं राहण्याचं कारण आमच्या महाराजपुरात सगळ्यांना ठाऊक होतं, निदान तसं आम्ही समजत होतो. शरदभाऊ रिछाईच्या एका कारखान्यात मालाची तपासणी करायचे. रिटायर झाले त्याच वर्षी कुंदावहिनी गेल्या. बाप घरात एकटा पडून राहू नये म्हणून बंगलोरच्या मुलानं एक विचित्र वस्तू पाठवली: हवा भरून फुगवायची दहा-अकरा फुटांची फळी आणि एक लांब वल्हं. फळी पाण्यावर टाकायची, तिच्यावर उभं राहायचं आणि वल्हवत जायचं. समुद्रकाठच्या गावांतून म्हणे असे लोक हिंडतात. आमच्या जबलपूरला समुद्र कुठला, पण नर्मदा आहे. पहिला महिना शरदभाऊ फळीवर कमी आणि पाण्यात जास्त होते. दुसऱ्या महिन्यात ते उभे राहिले आणि मग सगळीकडेच उभे राहू लागले. तोल राखायचा सराव असणार, असं कॉलनीनं ठरवून टाकलं.

फळीला ते पाट म्हणत. एकाचे पाच पाट झाले. दर रविवारी पहाटे अंगणात पंपाची फुसफुस सुरू व्हायची आणि दुपारी ते पाचही पाट गच्चीवर पापडासारखे वाळत पडायचे. फाटकावर त्यांनी स्वतःच्या अक्षरात पाटी लावली होती: "नर्मदा-दर्शन, उभ्याने. पक्षी, घाट, भजन आणि गक्कड-भर्ता." खाली बारीक अक्षरात: "पोहता येत नसेल तरी चालेल. जॅकेट बुडू देत नाही."

आणि माणसं यायची. ग्वारीघाटाची गर्दी संपते तिथून थोडं वर शरदभाऊ सगळ्यांना काठावर ओळीनं उभं करायचे. आधी पाय धुवायचे, मग पाण्याला हात लावून 'नर्मदे हर' म्हणायचं, मग पाटावर पाय. तिथून पुढे त्यांचं एकच पालुपद: "घुटने ढीले, नजर दूर." गुडघे सैल ठेवा, पायांकडे पाहू नका, लांब पाहा. हे वाक्य त्यांना इतकं आवडलं होतं की ते पाण्याबाहेरही कामाला लावायचे. सासरी निघालेल्या मुलीला, बारावीच्या पोरांना, आणि माझ्या सासूबाई चार महिने राहायला आल्या तेव्हा मलाही त्यांनी हेच सांगितलं. खरं सांगायचं तर मला उपयोग झाला.

पाण्यावर गेले की शरदभाऊ पक्ष्यांची ओळख शेजाऱ्यांसारखी करून द्यायचे. पंख पसरून बसलेला पाणकावळा म्हणजे सरकारी नोकर, दिवसभर नुसता वाळत बसतो. खंड्या म्हणजे वसुलीवाला, येतो तो थेट झडपच घालतो. एका पायावरचा बगळा पाहून ते माझ्याकडे वल्हं करायचे, "या तुमच्या शाळेच्या." मी कांचघरच्या शाळेत गणित शिकवते. एका घाटावर म्हातारी भजन म्हणायची, तिथे पाच मिनिटं वल्ही वर. शेवटी काठावर गोवऱ्यांत भाजलेल्या गाकरी आणि वांग्याचं भरीत. पाहुणे मांडी घालून जेवायचे आणि शरदभाऊ पत्रावळ हातात धरून त्यांच्याभोवती फिरायचे.

फक्त एका गोष्टीवर पाहुणे कुरकुरायचे. शरदभाऊ पलीकडे जात नसत. समोरच्या काठावर गुरुद्वारा आहे, नावा भरभरून तिकडे जातात, पण शरदभाऊंचे पाट मधल्या धारेपर्यंत गेले की माघारी फिरायचे. का, म्हणून विचारलं तर, "तिकडं नाव जाते. आपला रस्ता इकडचा."

आता कुंदावहिनींचं सांगायला हवं, कारण ते मला ठाऊक होतं.

नवऱ्याच्या रिटायरमेंटला काही महिने उरले असताना वहिनी नर्मदा परिक्रमेला निघाल्या. शरदभाऊ म्हणत होते की थांब, पुढच्या वर्षी जोडीनं जाऊ. त्या म्हणाल्या, पाय आत्ता चालताहेत. शेवटी ठरलं की वहिनींनी पुढे व्हायचं आणि शेवटच्या टप्प्यात, बरमान घाटापासून, शरदभाऊंनी सोबत करायची. ग्वारीघाटावर मीच त्यांना हळदीकुंकू लावलं. परिक्रमेला जाणारा माणूस नर्मदेचं पाणी बाटलीत घेऊन निघतो आणि ते जपत पूर्ण फेरी घालतो. वहिनींच्या बाटलीचं झाकण ढिलं होतं, म्हणून मी माझ्याजवळचा लाल दोरा गुंडाळून दिला. आणि परिक्रमेचा मोठा नियम इथल्या पोरासोरांनाही पाठ असतो: फेरी पूर्ण होईपर्यंत नदी ओलांडायची नाही. ओलांडली की सगळं मोडलं.

वहिनी सगळी नदी फिरून बरमानपर्यंत आल्या आणि तिथे तापानं पडल्या. त्यांना जीपमधून घरी आणलं, तेही अलीकडच्याच काठानं, लांबच्या रस्त्यानं, कुठला पूल न ओलांडता. महिन्याभरात त्या गेल्या. पाच-सहा दिवसांची वाट तेवढी राहिली. आम्ही हळहळलो आणि वहिनींबरोबर त्यांची परिक्रमाही संपली असं धरून चाललो. मी गणिताची बाई. सगळ्या गोष्टी माझ्यासमोर होत्या, पण त्या जोडून पाहण्याची तसदी मी घेतली नाही.

गेल्या जानेवारीत आमच्या शाळेतल्या आम्ही चौघी शरदभाऊंबरोबर गेलो. ऊन छान होतं, पाणी संथ होतं. मधल्या धारेशी आलो आणि मिश्रा मॅडम म्हणाल्या की इतक्या जवळ आलोच आहोत तर पलीकडे जाऊ. शरदभाऊंनी नेहमीचं उत्तर दिलं. मॅडमचा चेहरा पडला. मला उगाच वाटलं की शेजारीण म्हणून माझी पत राहायला हवी. यांचा विक्षिप्तपणा आम्ही रोज पाहतो, याला भाव द्यायचा नसतो, असं काहीतरी मी हिंदीत म्हणाले, बाया हसल्या, आणि मी माझा पाट गुरुद्वाराच्या दिशेनं वळवला.

मागून शरदभाऊंचा आवाज आला, "ताई, माघारी फिरा. तिकडं काहून जाऊन राहिल्या?"

"या ना तुम्हीपण," मी मागे न बघता म्हणाले. "काही होत नाही."

बरीच पुढे गेले. मग एक मोटरची नाव बाजूनं गेली, लाट आली, आणि सहा वर्षं ऐकलेलं पालुपद विसरून मी पायांकडे पाहिलं. पुढच्या क्षणी मी पाण्यात होते आणि वल्हं भलतीकडे चाललं होतं. मला पोहता येत नाही. जॅकेटनं मला अलगद वर धरलं होतं, पाट घोट्याला दोरीनं बांधलेला होता, नाववाले दहा मिनिटांत आलेच असते. हे सगळं आता सुचतं. तेव्हा मी फक्त ओरडत होते, आणि ओरडताना एकच नाव घेत होते.

मिश्रा मॅडमनी नंतर सांगितलं की शरदभाऊ मधल्या धारेशी थबकले. दहा आकडे मोजावेत इतका वेळ ते जॅकेटच्या खिशावर हात ठेवून नुसते उभे होते. मग आले.

पलीकडचा काठ जवळ होता, त्यांनी मला तिकडेच नेलं. चिखलातून हात धरून वर काढलं, घोटा दाबून पाहिला. "घुटने ताठ होते तुमचे, ताई," एवढंच बोलले. मग त्यांनी आपण कुठे उभे आहोत ते पाहिलं, आणि शरदभाऊ खाली बसले. ओल्या वाळूत, पाय पसरून, लहान मूल बसतं तसे.

बायांनी मधल्या धारेतून टाळ्या वाजवल्या. मलाही आधी हसूच आलं होतं. इतक्यात त्यांनी जॅकेटच्या खिशातून एक बाटली काढून वाळूवर ठेवली. तिच्या झाकणाला लाल दोरा होता, विटलेला, पण गाठ माझीच होती.

मग मला सगळं कळलं. इतकं उशिरा कळण्याची लाज मला अजून वाटते.

"बरमानपर्यंत तिनं आणली," शरदभाऊ म्हणाले. "पुढं मी नेणार होतो."

सहा वर्षांत का नेली नाही, असं मी विचारलं. विचारायला नको होतं, पण काहीतरी बोलणं भाग होतं.

"पाच दिवसांचा तर रस्ता होता, ताई. गेलो असतो तर संपला असता. राहिला होता तोवर ती चालून राहिली होती. अन् मी तिला आणायला निघून राहिलो होतो." त्यांनी पसरलेले पाय जवळ घेतले. "म्हणून बसत नव्हतो."

मी रडायला लागले. म्हटलं, भाऊ, जॅकेट होतं ना मला. तुम्हीच तर सगळ्यांना सांगता, ते बुडू देत नाही.

"ठाऊक होतं मला. पण तुम्ही नावानं हाका मारून राहिल्या होत्या." बाटलीवरची वाळू ते बोटानं पुसत होते. "तिनंही बरमानहून फोन केला होता. तब्येत ठीक नाही, या म्हणे. मी म्हटलं, सुट्टी भेटली की येतो."

परत आम्ही नावेनं आलो. शरदभाऊंनी बाटलीचा दोरा सोडला आणि मधल्या धारेत पाणी हळूच ओतलं. 'नर्मदे हर' नावाड्यानं म्हटलं. शरदभाऊंचे नुसते ओठ हलले.

त्यानंतर टूर झाल्या नाहीत. फाटकावरची पाटी अजून आहे, पाट गच्चीवरच्या खोलीत गुंडाळून ठेवले आहेत. मी दोनदा म्हणून पाहिलं की बरमानपासून चालू या, मी येते, आमचे हेही येतील. ते "बघू" म्हणाले. मला एका शब्दानं बोलले नाहीत, आणि कॉलनीत कुणाला काही सांगितलंही नाही. सांगितलं असतं तर बरं झालं असतं, चार लोकांनी मला नावं तरी ठेवली असती.

चहाला मात्र रोज येतात. आले की खुर्ची ओढतात आणि बसतात. मला आता "बसा" म्हणावं लागत नाही. परवा म्हणाले, "खुर्च्या चांगल्या आहेत तुमच्या, ताई. मी उगाच इतकी वर्षं उभा राहिलो." माझा घोटा ठणकतो का, तेही विचारलं. चहा संपला, दिवेलागण झाली, तरी उठण्याचं चिन्ह नव्हतं. मी खिडकीशी गज धरून उभी होते.

"बसा ना, ताई," ते म्हणाले.

मला बसवलं नाही.