दोन जीएम आणि एक बरोबरी

नळांच्या कारखान्यात सकाळी दोन फोन आले आणि दोन्ही फोनांवर एकच वाक्य आलं, "आमचे जीएम अकराला पोहोचतायत." पहिला फोन मुख्य कचेरीचा. तो हेडक्लार्क तात्यांनी घेतला. दुसरा बुद्धिबळ संघटनेचा. तो करमणूक मंडळाच्या चिटणिसांनी, म्हणजे स्टोअरकीपरनी घेतला. एकाने जनरल मॅनेजर म्हणायला हवं होतं आणि दुसऱ्याने ग्रँडमास्टर. पण हल्ली तोंड पूर्ण उघडून बोलायला वेळ आहे कुणाला?

नवे जनरल मॅनेजर माणसं कमी करायला येतायत, ही बातमी त्यांच्या आधीच येऊन बसली होती. तात्यांच्या निवृत्तीला दोन वर्षं होती. बायकोने बजावलं होतं, "नोकरी गेली तर बाहेरच्या बाहेर दुसरी शोधा. दिवसभर तुम्ही घरात, हे मला या जन्मी झेपायचं नाही." तेव्हा नोकरी टिकवणं भागच होतं. मंडळाने आज कॅन्टीनमध्ये कसलासा खेळ ठेवलाय, एवढं तात्यांच्या कानावर आलं होतं. पण "घर जळतंय आणि यांना खेळ सुचतायत" असं म्हणून ते मोकळे झाले होते.

अकराला दारात एक तेवीस-चोवीस वर्षांची मुलगी उभी राहिली. पाठीवर सॅक, पायात कॅनव्हासचे बूट.

"नमस्कार. मी जीएम."

तात्या उठले, बसले आणि परत उठले. "या, या मॅडम! म्हणजे आम्हाला वाटलं होतं, कुणीतरी वयस्कर..."

"सगळ्यांना तसंच वाटतं," ती हसली. "मी पंधराव्या वर्षीच जीएम झाले."

नोकरीच्या पंधराव्या वर्षी म्हणजे ही बया आठव्या वर्षी कामाला लागली असणार! तात्यांचा हिशेब काही जमेना. मोठ्या घरची लेक असेल, पाळण्यातच नेमणूक झाली असेल, अशी मनाची समजूत घालून त्यांनी तिला साहेबांच्या केबिनमध्ये बसवलं आणि चहा मागवला.

"किती जण आहेत?" तिने विचारलं.

"तुमच्या कृपेने बावीस."

"बावीसच? मग लवकर आटपेल. मागच्या महिन्यात एका ठिकाणी चाळीस होते."

"आणि त्यांचं काय झालं?"

"सदतीस गेले. दोघांना बरोबरीत सोडलं. एक मात्र मलाच भारी पडला."

"सदतीस! किती महिन्यांत?"

"महिने कसले? तीन तासांत. फिरत जायचं, एकेकापुढे क्षणभर थांबायचं, हात चालवायचा आणि पुढे." तिने चहाचा घोट घेतला. "एक तर सहा वर्षांचा होता. गेला तसं त्याने भोकाडच पसरलं. मलाच कसंतरी झालं."

तात्यांनी कपबशी खाली ठेवली. "सहा वर्षांच्यालासुद्धा दया नाही? माझी तर एकतीस झाली हो!"

ती त्यांच्या पांढऱ्याशुभ्र डोक्याकडे बघत राहिली. "एकतीस? वाटत नाही."

"सगळी इथेच गेली, दिसणार कशी?"

तिने विषय बदलला. "एक आधीच सांगते, म्हणजे नंतर कुरबूर नको. पांढरे माझे. काळे समोरच्यांचे. सगळीकडे असंच असतं."

तात्यांचा हात आपसूक डोक्यावर गेला. म्हातारपण एवढं उपयोगी पडेल असं त्यांना कधी वाटलं नव्हतं. 'साखर आणतो' असं सांगून ते बाहेर सटकले आणि स्टोअरकीपरना गाठलं.

"पांढऱ्या केसांच्यांना मॅडम आपल्यात घेणार. काळे गेले!"

स्टोअरकीपरच्या तोंडचं पाणी पळालं. नव्या साहेबांवर छाप पडावी म्हणून त्यांनी आदल्या दिवशीच डोकं काळंकुळकुळीत करून घेतलं होतं. "अहो तात्या, हा रंग महिनाभर हलत नाही!"

"हलत नाही तर झाका!"

सूचनाफलकाखालचा खडूंचा डबा भुकटीसकट स्टोअरकीपरच्या डोक्यावर रिकामा झाला. मॅडम चहा घेतायत तोवर आपला कार्यक्रम उरकून टाकू, असं ठरवून ते तसेच फाटकाकडे पळाले. तिथे गाडीतून एक पन्नाशीचे गृहस्थ उतरत होते. जाड चष्मा, कपाळाला आठ्या. बुद्धिबळवाला असाच असणार, यात शंकाच नव्हती.

"मी जीएम," गृहस्थ म्हणाले. "मला सगळ्यांशी जरा बोलायचंय."

"बोलणं नंतर, सर. आधी खेळ. माणसं ताटकळलीत."

कॅन्टीनमध्ये पट मांडून वीस माणसं बसली होती, एकविसाव्या पटावर स्टोअरकीपर स्वतः बसले. गृहस्थ चक्रावले. पण डोक्याला खडू फासलेल्या माणसाशी वाद घालू नये, एवढा पोच त्यांना होता. शिवाय नाही म्हणायचं तर 'मला येत नाही' असं कबूल करावं लागणार! हाताखालच्या लोकांसमोर पहिल्याच दिवशी असलं काही कबूल करायची साहेबांना सवय नव्हती. त्यांनी कोट काढला आणि एक प्यादं उचललं.

इकडे केबिनमध्ये तात्या पुन्हा मॅडमसमोर उभे होते. "तुम्हाला अडवणारं कुणी भेटलंच नाही का हो?"

"भेटलं की! ज्याला दहा वर्षं कुणी हलवू शकलं नव्हतं, त्याला मागच्या वर्षी मी अठरा चालींत उठवलं. पेपरात फोटो आला होता माझा."

अठरा चाली! तात्यांनी सरळ हात जोडले. "मॅडम, स्पष्टच विचारतो. माझ्यासारख्याने वाचायचं कसं?"

तिला त्यांची कीव आली. खेळायच्या आधी घाबरणारे तिने पुष्कळ पाहिले होते, पण असा रडवेला झालेला कुणी पाहिला नव्हता. "एवढं काय मनाला लावून घेता, काका? बरोबरी करून टाकू. तुम्ही मागा, मी देते."

"मागितली!"

"दिली." तिने हात पुढे केला. तात्यांनी तो दोन्ही हातांनी धरला आणि त्यांचे डोळे भरून आले.

"न खेळता बरोबरी घेणारे तुम्ही पहिलेच," ती म्हणाली. "बरं, पट कुठे मांडलेत?"

"कसले पट?"

"बुद्धिबळाचे."

"ते... कॅन्टीनमध्ये," तात्या म्हणाले, आणि जीएम मॅडमना कारखाना सोडून बुद्धिबळाचं काय पडलंय, हे न कळल्यामुळे मुकाट्याने तिच्या मागे चालू लागले.

कॅन्टीनमध्ये नुसता कल्ला चालला होता. "सर, उंट तिरका चालतो!" कुणीतरी ओरडलं. "आमच्याकडे सरळच चालतो," गृहस्थांनी दरडावलं आणि पुढच्या पटावर मात खाल्ली. ती एकविसावी. स्टोअरकीपर टेबलावर चढून नाचत होते आणि त्यांच्या डोक्यातून खडूची भुकटी उडत होती. "ग्रँडमास्टरला आपण एकवीसच्या एकवीस जणांनी लोळवलं!"

"हे कोण?" मुलीने विचारलं.

"मी जीएम."

"मीसुद्धा जीएम. तुम्ही कसले?"

"जनरल मॅनेजर. तुम्ही कसल्या?"

"ग्रँडमास्टर."

स्टोअरकीपर टेबलावरून हळूच उतरले. साहेब धपकन खुर्चीत बसले.

"मला इथली सहा माणसं कमी करायला पाठवलंय," ते कपाळ चोळत म्हणाले. "आता कुणालाही काढलं तरी बोभाटा होणार, साहेब हरला म्हणून त्याने डूख धरला. काढू तरी कुणाला?" मग त्यांनी मान वर केली. "मला हरवलं नाही, असं कुणी आहे का इथे?"

सगळ्या माना तात्यांकडे वळल्या.

"माझी बरोबरी झालीय!" तात्या किंचाळले. "मॅडमनी दिलीय! हात मिळवलाय आम्ही!"

"ती माझ्याशी झालेली नाही," साहेब म्हणाले.

तात्यांनी खुर्ची ओढली. "मग बसा, साहेब. आत्ता हरवतो तुम्हाला."

"काका, खेळता येतं का तुम्हाला?" मुलीने त्यांच्या कानात विचारलं.

"नाही. पण त्यांना तरी कुठे येतंय?"

तात्यांनी पहिल्या झटक्याला स्वतःचाच हत्ती मारला. साहेबांनी तो चूक म्हणून परत दिला, पण परत देताना आपल्या बाजूला ठेवला. दोघेही घामाघूम झाले. ग्रँडमास्टर आ वासून बघत होती, कारण एकाच बाजूला तीन घोडे आणि तेही एकमेकांना मारायला निघालेले, असं तिने जगातल्या कुठल्याच स्पर्धेत पाहिलं नव्हतं. शेवटी साहेबांनी तात्यांचा राजा उचलला आणि खिशात घातला.

"मात!"

तात्यांनी डोळे मिटले. "गेलो."

साहेब उठले. कपाळावरच्या आठ्या कुठल्या कुठे पळाल्या होत्या. "पाहिलंत? जिंकलो! बावीस डावांत एक, पण जिंकलो!" त्यांनी तात्यांच्या पाठीवर थाप मारली. "उद्या जेवणाच्या सुट्टीत परत बसायचं. रोजच बसायचं."

"पण साहेब, मी तर हरलो. माझी नोकरी?"

"वेडे की काय तुम्ही? तुम्हाला काढलं तर मी हरवू कुणाला?"

तात्यांचा जीव भांड्यात पडला. कॅन्टीनमध्ये टाळ्या सुरू झाल्या. मुलीने खुर्ची पुढे घेतली आणि पट सारखा केला. "काका, इतकं अवघड नसतं हो. उद्याच्या आत थोडं शिकवते तुम्हाला. हा उंट बघा, हा—"

तात्यांनी दोन्ही कान घट्ट झाकले. "पाया पडतो मॅडम, त्या उंटाचं एक अक्षर बोलू नका!"