याश्तुनचं उत्खनन

नासारिओ त्सुकने त्या शनिवारी संध्याकाळी ठरवलं, की उद्याचं डुक्कर शिजवायला घरच्या परसात पुरायचं नाही, जंगलात पुरायचं. एवढंच ठरवलं. माणसाने काही ठरवूच नये असं नाही, पण निदान बायकोला विचारून ठरवावं.

"जंगलात?" नेल्सी म्हणाली. ती आंबट संत्र्याच्या रसात कालवलेला लाल मसाला मांसाला चोळत होती आणि कोपरापर्यंत लालभडक झाली होती. "परसातल्या खड्ड्याला काय धाड भरलीय?"

"अगं, ऐक तर. सकाळी सगळ्यांना अवशेष दाखवायचे. मग सेनोतेच्या पाण्यात मनसोक्त डुंबायचं. सगळे भुकेने कासावीस झाले, की मी म्हणणार, चला मंडळी! आणि तिथल्या तिथे जमिनीतून गरमागरम मांस, अस्सल कोचिनिता, बाहेर काढणार. तुझी आई बघत राहील."

"माझी आई बघत राहत नाही. बोलत राहते."

हे नासारिओला नेल्सीने सांगायची गरज नव्हती. सतरा वर्षांचा संसार होता. याश्तुनच्या पडक्या देवळांमध्ये तो गाईड होता आणि चांगला गाजलेला गाईड होता. सातासमुद्रापलीकडून आलेल्या लोकांच्या डोळ्यांत तो नुसत्या दगडाकडे बोट दाखवून पाणी आणायचा. पण मेरिदाला राहणाऱ्या सासूबाईंच्या, म्हणजे दोन्या (बाईसाहेब) आउरेलियांच्या दरबारात त्याला साधं नावसुद्धा नव्हतं. धाकटा जावई गास्पार पंख्यांचं दुकान चालवायचा, तो 'गास्पार बाळा'. नासारिओ म्हणजे 'नेल्सीचा नवरा'. "नेल्सीच्या नवऱ्याला म्हणावं, पाय पुसून आत ये."

कारण असं, की लग्नाच्या पहिल्याच वर्षी, सासूबाई जेवायला आल्या असताना, नासारिओने उत्साहाच्या भरात खड्डा वेळेआधीच उघडला होता. सासूबाईंच्या म्हणण्याप्रमाणे ते डुक्कर अजून डॉक्टरला दाखवण्याजोगं होतं. तेव्हापासून त्यांनी त्याच्या हातचं मांस खाल्लं नव्हतं आणि त्याचं नाव घेतलं नव्हतं. नासारिओला आयुष्यात आता फार काही नको होतं. त्यांच्या तोंडून एकदा, फक्त एकदा, 'नासारिओ बाळा' ऐकायचं होतं.

पहाटे तो तीनचाकी सायकलवर पातेलं लादून सेनोतेमागच्या झाडीत गेला. आमच्या इथे जमीन म्हणजे नुसतं नाव आहे, वीतभर माती आणि खाली खडक. पण तिथे कुणा जुन्या माणसाने केलेला एक झकास खड्डा होता. नासारिओने लाकडं पेटवली, दगड लाल केले, केळीच्या पानांत गुंडाळलेलं मांस पातेल्यासकट आत उतरवलं, वर पत्रा, पत्र्यावर फांद्या, फांद्यांवर माती. धुराची एक रेघ बाहेर येईल तर शपथ! मग कुणा भुरट्याच्या नजरेला पडू नये म्हणून त्याने वर वाळका पाला इतका बेमालूम पसरला, की त्याचं त्यालाच कौतुक वाटलं. (या कौतुकाचं पुढे काय झालं ते येईलच.) खूण म्हणून शेजारच्या झाडाच्या मोडक्या फांदीला त्याने आपली घायपाताची पिशवी लटकवली.

एक गोष्ट मात्र राहिली. जंगलात खणायचं, तोडायचं, पाण्यात उतरायचं, तर आधी अलुशांची परवानगी मागायची असते. गुडघ्याएवढे असतात, रानाचे आणि पाण्याचे राखणदार, आणि मान दिला नाही तर वस्तू लपवतात. त्यांच्यापुढे मक्याच्या पेजेचा वाडगा ठेवायचा आणि नम्रपणे सांगायचं, की बाबांनो, येऊ का? नासारिओ ही गोष्ट रोज पाहुण्यांना आवाज खाली आणून सांगायचा. सांगताना त्याच्या स्वतःच्या अंगावर काटा यायचा. पण पहाटे डोळ्यांवर झोप होती, पेज घरी राहिली होती. 'मला ओळखतात ते,' असं म्हणून तो निघून आला.

सकाळी गास्पारच्या गाडीतून सासूबाई उतरल्या. पांढऱ्या पोशाखावर गळ्याभोवती फुलांचं भरतकाम, हातात पंखा, चेहऱ्यावर आधीच नापसंती.

नासारिओने त्या दिवशी जीव ओतला. राजे उभे केले, लढाया केल्या, मोठ्या पिरॅमिडच्या पायथ्याशी टाळी वाजवून वरून पाखराच्या आवाजासारखा पडसाद काढून दाखवला.

"एवढ्या पायऱ्या," सासूबाई म्हणाल्या. "झाडायचं कोण?"

"तेव्हा नोकरचाकर असतील, दोन्या आउरेलिया."

"म्हणजे जावई असतील," सासूबाई म्हणाल्या. गास्पार खो खो हसला आणि देवळाच्या दारात उभा राहून इथे कोणत्या मापाचा पंखा लागेल याचा अंदाज घेऊ लागला.

सेनोतेच्या वाटेला लागताना सासूबाई एकदम थांबल्या. "परवानगी मागितली का रे अलुशांची, नेल्सीच्या नवऱ्या?"

"म्हणजे काय! पहाटेच," नासारिओने ठोकून दिलं.

सेनोते म्हणजे जमिनीच्या पोटातली विहीर. छप्पर कोसळलेलं, वरून वेली लोंबतायत, खाली निळंशार पाणी. नासारिओ, नेल्सी आणि तरंगायची दोन जाकिटं घातलेला गास्पार पाण्यात उतरले. सासूबाईंनी साफ नकार दिला. "उन्हात तापलेलं अंग आणि बर्फासारखं पाणी? वारं भरून वाकडी झाले तर? तुम्हाला मरायचं तर मरा, मी सावलीत बसते." आणि त्या मागच्या झाडीत निघून गेल्या.

पाणी असं होतं, की नासारिओ काही वेळ सासूलाही विसरला. मग पोटात कावळे ओरडू लागले तेव्हा तो बाहेर आला, केस मागे सारले, छाती फुगवली आणि वर्षभर घोकल्यासारखं म्हणाला, "चला मंडळी!"

मंडळी मागोमाग निघाली. झाडीत पोचल्यावर नासारिओ मोडक्या फांदीपाशी गेला. फांदीवर पिशवी नव्हती. शेजारच्या झाडालाही एक मोडकी फांदी होती. त्याच्या शेजारच्यालाही होती. पाहावं तिकडे मोडक्या फांद्या आणि वाळका पाला, एकसारखा, बेमालूम.

"काय झालं?" नेल्सीने विचारलं.

"काही नाही. जरा दिशा बघतोय."

सासूबाई एका झाडाला पाठ टेकून, पाय पसरून निवांत बसल्या होत्या. "काय शोधतोय हा?" त्यांनी विचारलं.

"जेवण, आई," नेल्सी म्हणाली.

"देवा! हरवलं? माणसं किल्ल्या हरवतात, चष्मा हरवतात. यानं डुक्कर हरवलं!"

नासारिओने बरोबर आणलेलं फावडं उचललं आणि अंदाजाने घाव घातला. खण्णकन आवाज आला. खडक. दुसरीकडे घातला. खडक. गास्पारला दया आली (की भूक लागली, देव जाणे), त्याने एक काठी घेतली आणि तोही टोकरू लागला. एवढ्यात बसमधून आलेला परदेशी पाहुण्यांचा एक घोळका पोहून वर आला. ओले टॉवेल गुंडाळून सगळे गोल करून उभे राहिले. त्यातले एक पांढऱ्या दाढीचे गृहस्थ मोडक्यातोडक्या स्पॅनिशमध्ये हळूच नेल्सीला म्हणाले, "उत्खनन?"

"तसंच काहीतरी."

"कोणत्या काळातलं आहे?"

"आज पहाटेचं," नेल्सी म्हणाली.

गृहस्थांनी ते वहीत लिहून घेतलं.

आता फक्त सरकार यायचं राहिलं होतं, तेही आलं. अवशेषांचे रखवालदार फिदेन्सिओ शिट्टी वाजवत धावत आले. "ए! थांबा! या हद्दीत खणायला बंदी आहे! अरे, नासारिओ? तू? गाईड असून?"

"फिदेन्सिओसाहेब, माझं ऐका..."

"परवानगी आहे का?"

"मी तेच विचारलं होतं," सासूबाई बसल्या जागेवरून म्हणाल्या.

"पुरातन वस्तू काढतोस? बिल्ला जाईल तुझा!"

"पुरातन नाही हो, डुक्कर आहे!"

"डुक्कर? दगडाचं?"

"मांसाचं!"

"आता दगडाचंच झालं असेल," सासूबाई म्हणाल्या. "एवढ्या वेळात."

फिदेन्सिओंनी टोपी काढून डोकं खाजवलं. नियमात डुकराबद्दल काही लिहिलेलं त्यांना आठवेना. "हे बघ," ते म्हणाले, "आणखी एक खड्डा. तिथे निघालं तर जेवण, नाही निघालं तर ऑफिसात चल."

नासारिओला नोकरी जाईल याची भीती होतीच, पण त्याहून जास्त वाईट त्याला दुसऱ्याच गोष्टीचं वाटत होतं. सतरा वर्षांनी संधी मिळाली होती आणि तीही मातीत गेली होती. फावडं टाकून तो एका जाड बुंध्यामागे गेला, टोपी काढली आणि कुजबुजला, "बाबांनो, चुकलो. रोज तुमच्या नावावर पोट भरतो आणि आज तुम्हालाच विचारलं नाही. उद्या दोन वाडगे पेज आणतो. मध घालून. पण माझं डुक्कर तेवढं द्या."

बुंध्याआडून त्याने डोकं बाहेर काढलं तेव्हा गास्पार सासूबाईंना सांगत होता, "आई, इकडे या ना बसायला, इकडे वारा आहे."

"छे! मी इथून हलणार नाही," सासूबाई म्हणाल्या. "वाऱ्याला काय चाटायचंय? ही जागा फार गुणाची आहे. खालून अशी छान धग येतेय, की गुडघे मोकळे झाले माझे. मेरिदाच्या डॉक्टरला वर्षभर पैसे दिले, त्याला हे जमलं नाही."

नासारिओ जागच्या जागी थिजला. मग पाय न वाजवता पुढे आला, वाकला आणि सासूबाईंच्या शेजारच्या पाल्यावर हात ठेवला. हात झटकन मागे घेतला. त्याच्या चेहऱ्यावर असं हसू पसरलं, की नेल्सीला वाटलं, ऊन लागलं याला.

"दोन्या आउरेलिया," तो अगदी मधाळ आवाजात म्हणाला, "जरा उठता का?"

"का? आता मला पुरायचंय?"

"आई, ऊठ ना जरा," नेल्सी म्हणाली.

गास्पारने एक हात धरला, फिदेन्सिओंनी दुसरा, आणि सासूबाई कुरकुरत उठल्या. त्यांच्याखाली, चपटी होऊन, नासारिओची घायपाताची पिशवी होती.

"ही कुठून आली?" नासारिओने विचारलं.

"त्या फांदीला लोंबत होती. कुणीतरी वेंधळ्याने टाकलेली. खाली मुंग्या होत्या, म्हणून घेतली बसायला."

नासारिओने पाला सारला, माती सारली, फांद्या बाजूला केल्या आणि पत्रा उचलला. केळीच्या पानांचा, मसाल्याचा, संत्र्याचा असा घमघमाट सुटला, की घोळक्यातून "आ" असा आवाज आला आणि मग टाळ्या. खऱ्या टाळ्या! सतरा वर्षं पिरॅमिड दाखवले, त्याला अशा टाळ्या कधी पडल्या नव्हत्या. मांस बोट लावताच सुटत होतं. हरवल्यामुळे ते ठरल्यापेक्षा बराच वेळ आत राहिलं होतं, आणि आमच्या कोचिनितेला तर वेळच लागतो.

पहिला घास नासारिओने पानावर घालून बुंध्यामागे नेऊन ठेवला. दुसरा, मक्याच्या गरम भाकरीत, म्हणजे तोर्तियात, लाल कांदा घालून, सासूबाईंच्या हातात दिला. फिदेन्सिओंनीसुद्धा शिट्टी खिशात घातली.

सासूबाईंनी घास घेतला. चावला. डोळे मिटले. पंखा थांबला. मग दुसऱ्या तोर्तियासाठी हात पुढे केला. मग तिसऱ्यासाठी.

"नासारिओ बाळा," त्या म्हणाल्या.

नासारिओच्या डोळ्यांत टचकन पाणी आलं. नेल्सीने त्याचा हात दाबला. गास्पारचा घास तोंडापाशी राहिला.

"नासारिओ बाळा, झालं ना काढून? आता माती परत लोट. मला बसायचंय."

पांढऱ्या दाढीच्या गृहस्थांनी ही हकिकत आपल्या देशात जाऊन कुणाकुणाला सांगितली कोण जाणे, पण पुढच्या महिन्यापासून पाहुणे येऊन विचारू लागले, ते डुक्कर शोधायचं उत्खनन कधी असतं? नासारिओ काय नाही म्हणतोय! आता दर रविवारी तो डुक्कर पुरतो, अलुशांना मध घालून पेज देतो, दुपारी 'चला मंडळी' म्हणतो आणि भर उन्हात, घाम गाळत, चुकीच्या जागी खणतो. फिदेन्सिओ ठरल्यावेळी शिट्टी वाजवत येतात. सासूबाई मेरिदाहून पहिल्या बसने येऊन योग्य जागी बसलेल्या असतात. त्यांचे गुडघे आता उत्तम आहेत, आणि सगळ्यांत जास्त फोटो त्यांचेच निघतात.

परवा एका बाईंनी त्यांना विचारलं, "आणि हे फावडंवाले कोण?"

सासूबाईंनी अभिमानाने पंखा हलवला. "हा? हा आमचा नासारिओ बाळ," त्या म्हणाल्या. "माझा जावई. फार मन लावून चुकतो."