काचवृक्षाची आणि कोंडलेल्या रडण्याची हकिकत

श्री. ज्याने वाळूचे पाणी केले आणि पाण्याचे पान केले, त्या भट्टीच्या देवास दंडवत. भट्टीशक तीनशे एकेचाळीस, धूम्र नाम संवत्सर, ते साली काचवृक्ष कैसा उभा राहिला आणि पुढे कैसा गेला, ते पाहिले-ऐकिले तैसे लिहितो. पदरचे मीठ घातले नाही. लोकांचे डोळ्यांत होते तेच पुष्कळ झाले.

त्या मुलखाची रीत ऐसी की, घरात मूल जन्मले म्हणजे काचारी येऊन त्याचे पहिले रडणे काचेच्या पोकळ पानात कोंडून देई, आणि ते पान घरच्या चौकटीस टांगीत. मग ते माणूस म्हातारे होऊन मरो की अकाली मरो, घरच्यांनी पान उंबऱ्यावर फोडावे, आतले रडणे सुटावे, आणि ते ऐकून मग बायांनी गळा काढावा. पान फुटेपर्यंत माणूस जिवंत, आणि जिवंतावर रडणे हे महापाप. ऐशास महाराजांचे मनात आले की, रयतेची पाने दारोदारी लोंबतात यांत दौलतीची शोभा काय? मग गोंदाजी काचारी म्हणून हुन्नरात अद्वितीय, त्यास हुजूर बोलावून आज्ञा केली की, सर्व पाने एका झाडास जोडावी आणि झाड दरबारात उभे करावे. गोंदाजीने अर्ज केला, “महाराज, एका खोडाला समदी पानं जोडली तर एकाचा धक्का समद्यास्नी बसंल.” महाराज हसले आणि बोलिले, “आमचे राज्यात धक्का देणार कोण?” गोंदाजीस धोका उमगला होता, परंतु मान मोठा आणि हात शिवशिवत होते. त्याने स्वहस्ते आपल्या एकुलत्या लेकाचे, खेमाचे, पान चौकटीवरून काढून पहिल्याने खालचे फांदीस जोडिले. मग गावोगावची पाने आली आणि झाड छतास भिडले, खोड निळे, पाने पाण्यासारखी, आणि शेंड्यास महाराजांचे सोनेरी पान. झुळूक आली म्हणजे ऐसे किणकिणे की परदेशचे वकील बोलणे विसरत.

मग महाराजांनी उत्तरेच्या खिंडीवर फौज रवाना केली. खेमाही त्यांत गेला. खिंडीत बर्फ कोसळले आणि फौज जागच्या जागी गाडली गेली. एक बारगीर तेवढा थंडीने बोटे झडून परतला आणि म्हणाला, “वाट बघू नका. कुणी ऱ्हायलं न्हाई.” तेव्हा घरोघरीचे लोक पाने फोडावयास दरबारी आले. महाराजांनी झाडाकडे पाहिले आणि शेजारी बसल्या परक्या वकिलाकडे पाहिले. इतकी पाने फुटली तर झाड बोडके दिसेल आणि दौलतीची अब्रू जाईल, हे जाणून भट्टीची शपथ घालून हुकूम केला की, “एकही पान फोडू नये. पान शाबूत तो माणूस शाबूत. फौज खिंडीत मुक्कामास आहे.” आणि मग त्या फौजेस हुकूम सुटत गेले, सरदारांस बढत्या मिळाल्या. राजा बोले दळ हाले म्हणतात. येथे दळ बर्फाखाली, हलणार कोण?

त्या राज्यात बायांचे डोळे कोरडे पडले. सगुणाबाई, गोंदाजीची बायको, रोज खेमाचे ताट वाढी आणि रोज गार झालेले उचली. पाहणाराचे काळीज तुटे, पण रडावयाची चोरी. अखेर ती हुजूर गेली आणि पदर पसरून म्हणाली, “महाराज, माजं प्वार बर्फात पडलंय. त्याला सुटू द्या. मला रडू द्या.” महाराज गोड वाणीने बोलिले, “बाई, तुझा मुलगा आमचे चाकरीत सुखरूप आहे.” बाई घरी आली आणि गोंदाजीस एवढेच म्हणाली, “दाराला हुतं तवा आपलं हुतं. तुमीच नेऊन टांगलंत.” गोंदाजीने त्या दिवसापासून भट्टी पेटविली नाही.

पुढे महाराजांस देवाज्ञा झाली आणि मोठा पेच पडला. पान शाबूत, म्हणून महाराज जिवंत; जिवंतास अग्नी देता येईना आणि युवराजांस गादीवर बसता येईना. ऐन उन्हाळा. दरबारात उभे राहवेना. मग प्रधानांनी शास्त्रार्थ काढून एका पानापुरती शपथ मोकळी केली, आणि एवढ्या उंचीचे पान झाडास धक्का न लावता दुसऱ्या कोणाच्याने निघेना, म्हणून गोंदाजीस हातोडी दिली. सर्व रयत बोलाविली. गोंदाजी शिडी चढू लागला आणि खालचे फांदीशी थांबला. युवराज ओरडले, “वर! सोनेरी पान वर आहे!” गोंदाजी म्हणाला, “सरकार, हुकूम एका पानाचा हाय,” आणि त्याने खेमाचे पान फोडिले.

दरबार भरलेला. त्यांत एक तान्हे मूल रडले, रागाने, भुकेने, एकटेच. सगुणाबाईने ते ओळखिले आणि “माजा खेमा गं!” म्हणून हंबरडा फोडिला. मग पाने फुटण्याची वाट कोणी पाहिली नाही. साऱ्या बाया रडल्या, आणि त्या आकांताने झाड थरारले आणि शेंड्यापासून कोसळले. अवघ्या मुलखाची बाळे एकदम रडली. सोनेरी पानही त्यांत फुटले, परंतु महाराजांचे रडणे कोणते, हे युवराजांस वा राणीसाहेबांस, कोणासही ओळखता आले नाही. गोंदाजी शिडीसह काचेखाली गेला. त्याचेही पान फुटले होते, म्हणून सगुणाबाईस त्याजवरही लागलेच रडता आले. त्या दिवशी दैवाची एवढीच मेहेरबानी.

सारांश, जित्यांची पानेही त्यांत गेली. सबब रीतीप्रमाणे युवराज मेले, प्रधान मेले, हे लिहिणारही मेला, आणि मेल्यास राज्याभिषेक नाही. गादी ओस, वेशी उघड्या, पुढे आला त्याने मुलूख घेतला. एवढे मोठे राज्य बुडाले, त्यांत एका आईस आपले मूल ओळखू आले. लिहिण्यासारखे इतकेच.