अपिलार्थी नाव घेत नाही

खालच्या कोर्टाचा निकाल माझ्या बाजूने लागला आणि मुदत संपायला एक दिवस उरला असताना खुद्द जमिनीनेच अपील दाखल केलं.

गट नंबर २१७, वीस गुंठे, मध्यम काळी. मालक मी, आश्रुबा लिंबाजी सानप. बावीस वर्षं ती पेरतो मात्र माझा चुलतभाऊ गहिनीनाथ. मालकी माझीच आहे आणि त्याने ताबाही मला द्यावा, असं खालच्या कोर्टाने म्हटलं होतं. गहिनीनाथाने ते मुकाट्याने मान्य केलं. जमिनीने केलं नाही. हे मला फार लागलं. भाऊबंद कोर्टात जातोच, त्याचं काय वाईट वाटून घ्यायचं?

तारखेला जमीन वेळेवर हजर झाली. दालनात मावेना म्हणून निम्मी व्हरांड्यात थांबली. कुणी तुडवू नये म्हणून शिपायाने कडेने दोरी बांधली. ती गहिनीनाथाच्या मागून, दोन पावलं अंतर ठेवून आली होती. माझ्याकडे तिने ढुंकूनही पाहिलं नाही. अंगावर ताजी नांगरट होती. म्हणजे कोर्टात यायचं म्हणून तिने नांगरून घेतलं होतं, आणि तेही त्याच्याकडून. माझ्या अंगाचा तिळपापड झाला.

माझे वकील मुळे उलटतपासाला उठले.

"तुमचे मालक कोण?"

"आश्रुबा लिंबाजी सानप," ती म्हणाली. खडाखडा, बापाच्या नावासकट. मला जरा बरं वाटलं.

"म्हणजे तुम्ही त्यांना ओळखता."

"सातबाऱ्यावर नाव हाय की त्यांचं. वर्सातनं एकदा बांधावर येत्यात. हात मागं बांधून हुभं ऱ्हात्यात, अन् जात्यात."

"आणि पेरतं कोण?"

"हे पेरत्यात."

"हे म्हणजे कोण? नाव सांगा."

लेखनिकाची बोटं थांबली. नोंदीसाठी नाव लागेल, असं न्यायाधीशांनीही समजावून सांगितलं. जमिनीने गहिनीनाथाच्या बाजूची कड जराशी उचलली.

"आता नाव कसं घिऊ, साहेब?"

न्यायाधीशांनी चष्मा पुसला. मग लेखनिकाला म्हणाले, "लिहा. अपिलार्थी नाव घेत नाही." गहिनीनाथ खाली मान घालून पायाच्या अंगठ्याने फरशी उकरत होता. तो लाजत होता. ते लाजणं माझ्या वाट्याचं होतं, असं मला सारखं वाटत राहिलं.

निकाल बारा पानांचा आला. मालकी माझ्याकडे कायम. ताब्याबाबत मात्र कोर्टाने म्हटलं की अपिलार्थी ज्याचं नाव बिनदिक्कत घेते तो मालक, आणि ज्याचं घेत नाही तो कब्जेदार. अपील मंजूर झालं आणि जमीन गहिनीनाथाच्या मागोमाग निघून गेली.

घरी आल्यावर मी बायकोला, कौसाबाईला, सगळं सांगितलं. ती भाकरी थापत होती.

"तीस वर्सं झाली, मी बी तुमचं नाव घेतलं न्हाई," ती म्हणाली. "त्याची कुटं नोंद झाली?"

"तो मुद्दा येगळा हाय," मी म्हणालो.

"व्हय. येगळाच हाय," ती म्हणाली आणि तिने भाकरी उलटली.

दुसऱ्या दिवशी मी मुळे वकिलांकडे गेलो. दुसरं अपील करता येतं, ते म्हणाले, पण त्यात साक्षीपुरावा पुन्हा बघत नाहीत. कायद्याचा एखादा महत्त्वाचा प्रश्न लागतो. तसा काही प्रश्न आहे का?

"हाय की," मी म्हणालो. "तिला त्याच्यात काय दिसलं?"

मुळे वकिलांनी पेनचं टोपण काढलं, कागदावर 'प्रश्न क्रमांक एक' असं लिहिलं आणि त्याखाली माझं वाक्य जसंच्या तसं उतरवून घेतलं. वरच्या कोर्टाने तो प्रश्न दाखल करून घेतला आहे.